राजबागेतली घागरवाली

दिवाळी अंकाच्या संपादकांचा फोन आला. म्हणाले, "मामा, तीस वर्षं म्युझियममध्ये काढलीत, चार गमती लिहून द्या." मी म्हणालो, गमती चारच निघतील, आणि एक गोष्ट अशी आहे की ती गमतीची नाही. ती छापणार असाल तर लिहितो. ते म्हणाले, तीच लिहा.

तर गोष्ट अशी. मी माझ्या बायकोला एक खोटं बोललो. ते खोटं आठ वर्षं आमच्या घरात राहिलं. मागच्या वर्षी आखाडात ती गेली, आणि मी खरं सांगायचं ते राहूनच गेलं. हे खोटं मी एका चित्रापायी बोललो होतो, म्हणून आधी नोकरीचं आणि चित्राचं सांगावं लागेल.

माझं शिक्षण चौथी. हे कागदावर मी लिहिलं आणि लेकीनं फलटणला बसून मोबाईलवर टाइप केलं. ऱ्हस्वदीर्घ तिचं, बाकी सगळं माझं.

साताऱ्यात एका जुन्या संस्थानाच्या वस्तूंचा छोटा संग्रह आहे. तलवारी, पालखी, भांडीकुंडी, कागदपत्रं आणि चित्रं. नाव लिहीत नाही. चूक माझी आहे, बोट त्यांच्याकडं जायला नको. रहिमतपूरहून रोज सकाळच्या एसटीनं यायचं आणि संध्याकाळी माघारी जायचं. हुद्दा काय, तर परिचर. म्हणजे शिपाई. म्हणजे स्टुलावर बसायचं. आमचे पाव्हणे विचारायचे, "गणपा, पगार कशाचा देत्यात रं तुला?" मी सांगायचो, "बसायचा."

पण नुसतं बसणं नव्हतं ते. ऊन दालनात कुठवर आलंय त्याप्रमाणं दिवसातनं तीनदा पडदे सरकवायचे, कारण जुन्या रंगाला ऊन खातं. कसर लागू नये म्हणून कपाटात वेखंडाच्या पुरचुंड्या ठेवायच्या, महिन्यानं बदलायच्या. पाली हाकलायच्या. पावसाळ्यात भिंतीला हात लावून बघायचा, ओल आली का. आणि सगळ्यात मोठं काम म्हणजे माणसांचे हात बघायचे. लोक तोंडाकडं बघतात, आम्ही हाताकडं बघतो. पाठीमागं हात बांधून फिरणारा माणूस कशाला हात लावत नाही. चष्मा कपाळावर सारून पुढं वाकला की समजायचं, आता बोट येणार. बाईमाणूस पदर सावरून उभी राहिली तर बिनघोर. लेकराचा हात सोडला की मात्र आपण उठायचं.

एकदा एक प्रोफेसर आले होते. दहा-बारा पोरं-पोरी बरोबर. तलवारीचं सांगून झालं, पालखीचं सांगून झालं, मग चित्रापाशी आले आणि खिशातलं पेन काढून झाडं दाखवायला लागले. पेनाला टोपण नव्हतं. मी जाऊन त्यांचं मनगट धरलं. म्हणाले, "मी कोण आहे माहितीय का?" मी म्हणालो, "न्हाई. पण पेन शाईचं हाय एवढं माहिती हाय." त्यांनी माझी तक्रार केली. साहेबांनी मला आत बोलावून दार लावलं आणि चहा पाजला. ते चित्र मी असं सांभाळलंय. दुसऱ्या कुणाचं बोट मी त्याला लागू दिलं नाही.

चित्र तिसऱ्या दालनात होतं. दोन हात लांब, हातभर उंच. खाली पाटी होती : राजबागेचा देखावा, कागदावर रंग, अठरावे शतक, चित्रकार अज्ञात. मागं डोंगर, आपल्याकडचेच, माथ्यावर सपाट. पुढं राजाची बाग. मधोमध दगडी पाट सरळ कारंज्यापर्यंत गेलेला, दोन्ही बाजूला सुरूची झाडं शिपायासारखी उभी. आंबा, केळी, डाळिंब. डाव्या हाताला चौथरा, त्यावर कुंड्यांची रांग. उजवीकडं कोपऱ्यात पायऱ्यांची विहीर. मोर दोन. पानन् पान वेगळं काढलेलं. काय डोळे असतील त्या चिताऱ्याचे! एवढी बाग आज कुठं आहे म्हणाल, तर नाही. तिथं ऊस आहे, आणि उसाच्या पलीकडं प्लॉट पाडलेत.

त्या चित्रापुढं माणसं काय काय बोलायची! जत भागातला एक म्हातारा मेंढका आला होता, खांद्यावर घोंगडं, आत येताना चपला काखेत मारलेल्या. मी म्हणालो, बाबा, चपला घातल्या तरी चालतंय. तो म्हणाला, "राजाची बाग हाय न्हवं?" बराच वेळ बघत राहिला. मग मला विचारतो, "हितं मेंढरं शिरली तर काय दंड करत असतील रं?" मी म्हणालो, "तुमची शिरली व्हती का कवा?" तर म्हणाला, "एवढं हिरवं दिसलं तर मीच शिरलो असतो गड्या, मेंढरांचं काय घिऊन बसलाईस."

फलटणकडचे एक रिटायर सुभेदार होते, वर्षातनं एकदा यायचे. ते दरवेळी म्हणायचे, "इतना बडा बगीचा आणि संत्री एक न्हाई? गार्ड कुठाय? हा राजा फार दिवस टिकला न्हाई बघा." आणि खरंच, बागेत माणूस नव्हता. मोठ्या नोंदवहीत चित्राचं वर्णन इंग्रजीत होतं. साहेबांनी मला एकदा त्याचा अर्थ सांगितला होता : झाडं अमुक, पाणी अमुक, मोर दोन, मनुष्याकृती नाही.

मलाही दिसली नव्हती. ती दिसली अनुसयेला.

अनुसया माझी बायको. माहेर जत तालुक्यातलं, कर्नाटकाच्या शिवेवर. तिथं टँकर आला तर पाणी, नाही आला तर दोन मैल चालायचं. पोरवयापासून डोक्यावर घागर. एक दिवस मी डबा घरी विसरलो आणि ती एसटीनं साताऱ्याला घेऊन आली. लग्नाला दहा-बारा वर्षं झाली असतील, माझी नोकरीची जागा तिनं तोवर बघितली नव्हती. मी तिला सगळं दाखवलं. तलवारी बघून म्हणाली, "मारामारीचं काय बघायचं." पालखी बघून म्हणाली, "वाहणाऱ्याच्या खांद्याची कुणी काळजी केलेली दिसंना." मग चित्रापुढं थांबली ती हलेचना.

"अवं, ह्या बागंला पाणी कोण घालतंय?"

"पाट हाय की मधनं."

"पाट खाली हाय. ह्या चौथऱ्यावरच्या कुंड्या? पाट काय वर चढतोय व्हय?"

मी म्हणालो, "चित्र हाय गं ते. चित्रातल्या झाडाला कशाला पाणी लागतंय?"

"मग टवटवीत कशी हायती? कुणीतरी वाहून आणतंय. काढलं असंल त्यानं, एवढं सगळं काढलंय त्या माणसानं."

आणि शोधायला लागली. हात पाठीमागं बांधून, नाक काचेजवळ. मी हाताकडंच बघत होतो, सवयीनं. पाच मिनिटं गेली असतील. मग म्हणाली, "ही बघा. म्हणलं न्हवतं?"

विहिरीच्या वरच्या पायरीवर, केळीच्या पानाआड, एक बाई. ज्वारीच्या दाण्याएवढी. डोक्यावर घागर. मी स्टुलावरनं पंधरा वर्षं... नाही, तेव्हा तेवढी झाली नव्हती, पण बरीच वर्षं त्या चित्राकडं बघत होतो आणि मला ती दिसली नव्हती. दाखवल्यावरही पहिल्यांदा दिसली नाही. अनुसयेनं काचेपासून चार बोटं लांब करंगळी धरली, तेव्हा दिसली.

मी मोठ्या हौसेनं साहेबांना सांगितलं. ते आले, चष्मा लावून वाकले आणि म्हणाले, "गणपत, डाग आहे तो." साहेब चांगले होते, पण ते पाणी भरून आलेले नव्हते. वहीत काही चढलं नाही. मग आम्ही दोघांनी ती बाई आमच्यातच ठेवली.

त्यानंतर अनुसया सहा-आठ महिन्यांनी एखादी खेप करायची. बाजाराचं काहीतरी निमित्त काढायची, पण यायची तिला भेटायला. काचेजवळ तोंड नेऊन कानडीत काहीतरी पुटपुटायची. मी विचारलं, काय म्हणतीस तिला, तर म्हणायची, "बायाबायांचं हाय. तुमी ऱ्हावा तिकडं स्टुलावर."

तिचे डोळे होतेच तसे. वाकळा शिवायची. जुन्या लुगड्यांचे तुकडे जुळवून त्यावर जो टाका घालायची तो मुंग्यांच्या रांगेसारखा, बारीक आणि एकसारखा. गल्लीतल्या म्हाताऱ्या सुया घेऊन तिच्याकडं यायच्या, "अनसे, दोरा ओव गं." ही बोलता बोलता, बघितलं न बघितलं करून ओवून द्यायची. तिला कुणी शहाणी म्हटलेलं मी ऐकलं नाही, सुंदर म्हटलेलंही नाही. पण नजर अनसाबाईची, हे सगळा गाव म्हणायचा. तिला तेवढाच एक मान होता.

आता जे झालं ते सांगतो.

आमच्यात घट बसायच्या आधी घर धुतात. अंथरूण-पांघरूण, भांडी, पत्र्याचे डबे, भिंतीवरचे देव, सगळं. घरात एक वस्तू बिनधुतलेली राहिली तरी घट बसवायला बायका तयार होत नाहीत. संग्रहातही खंडेनवमीला हत्यारांची पूजा व्हायची, तेव्हा आम्ही आधी आठ-दहा दिवस सगळी दालनं झाडूनपुसून काढायचो. नियम एकच : काच बाहेरनं कोरड्या फडक्यानं पुसायची, आत हात घालायचा नाही. आतलं काही असेल तर पुण्याहून जाणकार माणूस यायचा.

त्या वर्षी पाऊस हटला नव्हता. चित्राच्या काचेला आतनं वाफ धरली होती आणि पांढरा बुरा आला होता. अनुसया भादव्यात येऊन गेली. म्हणाली, "तुमच्या बागंत धुकं पडलंय. माझी बाई दिसंना."

मी म्हणालो, "घट बसल्यावर ये. चकचकीत करून ठिवतो."

साहेबांना सांगितलं होतं, त्यांनी पुण्याला पत्र टाकलं होतं, उत्तर नव्हतं. आणि मी बायकोला शब्द देऊन बसलो होतो. सोमवार, संग्रह बंद. साहेब मीटिंगला गेलेले. मी चित्र भिंतीवरनं उतरवलं, टेबलावर चादर पसरून पालथं ठेवलं, पकडीनं मागचे खिळे काढले, पुठ्ठा काढला. काच आतनं पुसली. आरशासारखी झाली. तिथं थांबलो असतो तर आज हे लिहीत नसतो.

पण बुरा कागदावरही होता, विहिरीच्या कोपऱ्यात, चार-पाच ठिपके. आमच्या घरी खंडोबाचा फोटो आहे, तो दरवर्षी ओल्या फडक्यानं पुसतो, काही होत नाही. तसंच फडकं भिजवलं, घट्ट पिळलं आणि एक हात फिरवला. एकच.

फडक्यावर हिरवा रंग आला. आणि एका बाजूला विटेसारखा तांबडा.

ते जुने रंग डिंकात कालवलेले असतात. डिंक पाण्याला भेटला की सुटतो, अडीचशे वर्षांनीसुद्धा. हे मला नंतर कळलं. छापलेल्या देवाला पाणी चालतं, हातानं काढलेल्या बाईला चालत नाही, एवढं मला पंचवीस वर्षं तिथं बसून कळलं नव्हतं. ऊन कळत होतं, कसर कळत होती, लोकांचे हात कळत होते. माझे हात कळले नाहीत.

केळीचं अर्धं पान गेलं होतं. पायरी फिकी झाली होती. आणि बाईच्या जागी नुसता कागद, मातकट. मी स्टुलावर बसलो. मग पुठ्ठा बसवला, खिळे मारले, चित्र भिंतीला लावलं. फडकं परसात नेऊन जाळलं.

दुसऱ्या दिवशी साहेब दालनातनं फिरून गेले. म्हणाले, "वा, यंदा काच छान निघाली." झालं. कुणाला काही कळलं नाही. कळणार कसं? जे वहीत नव्हतंच ते गेलं, तर हरवलं म्हणणार कोण?

एकच माणूस म्हणणारं होतं आणि ते अष्टमीला आलं. उपास होता तिचा. नवीन बांगड्या भरलेल्या. लांबूनच म्हणाली, "आता कसं सोच्छ झालं!" आणि कोपऱ्यापाशी गेली. हात पाठीमागं बांधले. बघितलं. मान तिरकी करून बघितलं. मग उजव्या बाजूनं, मग डाव्या.

"अवं, बाई कुठाय?"

मी स्टुलावरनं म्हणालो, "हाय की तितंच."

"न्हाई दिसत."

"पानाच्या मागं बघ."

"पान बी अर्धंच दिसतंय मला."

निवृत्तीला माझी पाच वर्षं होती. नोकरी जाईल, पेन्शन जाईल, लेकीचं लग्न व्हायचंय, सगळं एकदम डोक्यात आलं. पण खरं सांगू का? ते नंतर आलं. पहिल्यांदा आलं ते हे की, तिला सांगायचं कसं, तुझी बाई मी पुसली. ते तोंडातनं निघेना. निघालं ते दुसरंच.

"तुझं डोळं गेलं अनसे," मी म्हणालो. "वय झालं आता."

हसून म्हणालो. चेष्टा केल्यासारखं. तिनं दोन्ही डोळे पदरानं पुसले आणि परत बघितलं. मग माझ्याकडं बघून म्हणाली, "तुमास्नी दिसतीय?"

"दिसती की," मी म्हणालो.

त्यानंतर ती चित्र बघायला आली नाही.

लेकीनं इथवर टाइप केलं आणि फोन ठेवून दिला होता. तिला हे ठाऊक नव्हतं. दोन दिवसांनी तिनं फोन केला आणि एवढंच म्हणाली, "आबा, पुढचं पाठवा."

पुढचं असं. घरी आल्यावर अनुसयेनं अर्धी झालेली वाकळ गुंडाळून माळ्यावर टाकली. मी म्हणालो, अगं, टाका तर चांगला पडतोय. म्हणाली, "मला चांगला दिसतोय. खरा कसा पडतोय कुणाला ठावं." म्हाताऱ्या सुया घेऊन आल्या तर त्यांना म्हणाली, "माझं डोळं गेल्यात बाई, दुसऱ्याकडं जावा." सुईत दोरा तिच्याच्यानं तेव्हाही जात होता, मी बघत होतो. पण ओवून झाल्यावर ती चार-चारदा ओढून बघायची, खरंच गेलाय का. तांदूळ निवडून झाले की परात लेकीपुढं सरकवायची, "तू बघ गं, खडा ऱ्हायला असंल." माहेराला एकटी जायची ती जाईनाशी झाली, एसटीची पाटी चुकीची वाचली तर काय करायचं म्हणून. गावानं दिलेला तिचा एकच मान होता, तो मी असा काढून घेतला, आणि रोज तिच्या हातची भाकरी खाल्ली.

मिरजेला डोळ्यांचं शिबिर होतं, तिथं घेऊन गेलो. मनात म्हणालो, डॉक्टर सांगतील चांगले आहेत आणि सुटेल सगळं. तरणे डॉक्टर होते, चांगले तपासले. म्हणाले, "आजी, या वयात असे डोळे मी बघितले नाहीत. जवळचा थोडा नंबर आहे, बाकी काही नाही."

अनुसया म्हणाली, "डाक्टर, तुमची मशीन बिघाडलीय."

"का हो?"

"मला दिसाय पायजे ते दिसत न्हाई. ह्यास्नी दिसतंय, मला न्हाई. विचारा ह्यास्नी."

डॉक्टरांनी माझ्याकडं बघितलं. खोलीत तिघंच होतो. माझी नोकरी त्या खोलीत नव्हती, साहेब नव्हते. एक वाक्य बोलायचं होतं. मी म्हणालो, "जवळचा चष्मा द्या तिला."

बाहेर टेबल टाकून दोन पोरी बसल्या होत्या, मरणानंतर डोळे देण्याचे फॉर्म भरून घेत होत्या. अनुसयेनं विचारलं, काय आहे. त्यांनी समजावून सांगितलं. तिला ते लय आवडलं. कुणाच्या तरी उपयोगी पडतंय म्हणाली, खुर्चीवर बसली, पेन हातात घेतलं. मग पेन खाली ठेवलं. "नगं बाई. फुटकी घागर कशाला कुणाच्या गळ्यात बांधायची." पोरी म्हणाल्या, आजी, कसलेही डोळे चालतात. ती उठलीच.

वाचणाऱ्याला वाटेल, निवृत्त झाल्यावर तरी सांगायचं. मलाही वाटायचं. निवृत्त झालो, पेन्शन सुरू झाली, लेकीचं लग्न झालं, भीती कशाची उरली नाही. पण तोवर खोट्यालाच पाच वर्षं झाली होती. आता बाई पुसली एवढंच सांगून भागणार नव्हतं. तुझे डोळे चांगले असताना मी तुला पाच वर्षं आंधळी करून ठेवली, हे सांगायचं होतं. दरवर्षी एक वर्ष वाढत गेलं. दर दसऱ्याला ठरवायचो, दिवाळीला सांगू.

मागच्या आखाडात तिला छातीत कळ आली. गाडी येईपर्यंत संपलं. शेवटी माझ्याकडं बघत होती. डोळे मीच मिटवले. कुणाला देता आले असते.

चार महिन्यांपूर्वी संग्रहातनं फोन आला. नवीन अधिकारी ताई आल्यात, सांगलीकडच्या. वयानं माझ्या लेकीएवढ्या. म्हणाल्या, "मामा, एका चित्राबद्दल विचारायचंय. तुम्ही तीस वर्षं त्याच्यासमोर होता म्हणे." मी जायला नको म्हणत होतो. पण पाय निघाले.

ताईंनी मला खुर्ची दिली. त्या दालनात स्टुलाशिवाय मी पहिल्यांदाच बसलो. त्यांनी सांगितलं, सांगलीत एका जुन्या फोटोग्राफरच्या घरी काचेवरचे फोटो सापडलेत, त्यात या चित्राचाही एक आहे, लय वर्षांपूर्वी काढलेला. तो त्यांनी कॉम्प्युटरवर मोठा करून दाखवला. काळापांढरा. विहिरीचा कोपरा पडदाभर झाला. आणि पायरीवर अनुसयेची बाई उभी.

एवढी मोठी मी तिला कधी बघितली नव्हती. तिला नाक होतं. कपाळ होतं. मान घागरीखाली जशी ताठ होते तशी झालेली. चिताऱ्यानं एवढ्याशा दाण्यात ते सगळं काढलं होतं.

ताई म्हणाल्या, "आज चित्रात इथं काही नाही, मामा. नोंदवहीतही मनुष्याकृती नाही असं लिहिलंय. जुन्या फाईलमध्ये एका साहेबांचा शेरा आहे, कोपऱ्यात डाग. म्हणून विचारते, हा फोटोच्या काचेवरचा डाग असेल का? तुम्ही डाग म्हणालात तर मी तसं लिहून टाकते."

डाग म्हटलं असतं तर संपलं असतं. साहेबांनीही डागच म्हटलं होतं. विचारणारं दुसरं कुणी जगात राहिलं नव्हतं.

मी म्हणालो, "डाग न्हाई ताई. बाई हाय. मी पुसली."

त्यांना आधी कळलं नाही. मग मी सगळं सांगितलं. घट, बुरा, खिळे, फडकं. त्यांचा चेहरा बदलत गेला. मी गोड शब्दाची अपेक्षा केली नव्हती, आणि त्यांनी दिलाही नाही.

"तुम्ही फ्रेम उघडलीत?"

"व्हय."

"ओलं फडकं लावलंत? आणि कुणाला बोलला नाहीत? मामा, त्याच आठवड्यात सांगितलं असतं तर फडक्यावरच्या रंगाचा तरी अभ्यास करता आला असता. कुठंय ते फडकं?"

"जाळलं."

त्या उठल्या आणि दिवा लावून, भिंग घेऊन चित्राच्या त्या कोपऱ्यावर वाकल्या. मला म्हणाल्या, बघायचंय का. मी नको म्हणालो.

मी विचारलं, "परत काढता येईल का तिला? फोटोवरनं? चांगला चितारी बघून?"

"नाही," ताई म्हणाल्या. "गेलेलं माणूस आम्ही परत काढत नाही. होतं आणि गेलं, असं लिहितो. कसं गेलं तेही लिहितो."

"मग लिवा."

"तुमच्यावर काही येऊ शकतं, मामा. पेन्शनीचंसुद्धा. वर कळवावं लागेल मला."

"कळवा. पर ती तितं व्हती हे पयलं लिवा."

त्यांनी जाडी नोंदवही काढली, तीच जुनी. पान उघडलं. फोटोचं लिहिलं, जागा लिहिली, विहिरीची वरची पायरी. मग थांबल्या. "ही आकृती सगळ्यात आधी तुम्हीच पाहिलीत ना?"

"न्हाई. माझ्या बायकोनं. तिनं दाखवली तवा मला दिसली. पाणी कोण घालतंय म्हणून शोधून काढली तिनं."

"मग त्यांचं नाव यायला हवं. पूर्ण नाव सांगा."

"अनुसया गणपत कोळेकर."

त्यांनी सावकाश लिहिलं, आणि पुढं लिहिलं की यांची दृष्टी अचूक होती. मी सांगितलं नव्हतं, त्यांनीच लिहिलं. मला वाचून दाखवलं. मग पुढची ओळ सुरू केली आणि वर न बघता म्हणाल्या, "आणि पुसली गेली ती ज्यांच्या हातून, त्यांचंही पूर्ण नाव लागेल."

मी म्हणालो, "ते आलंय की वरच्या ओळीत, ताई. तिच्या नावात. मधलं."